फाटक्या स्पीकरमधून उमटलेलं संगीत

1951 च्या मार्च महिन्यात अमेरिकेच्या मिसिसिपी राज्यातली काही काळी पोरं एका मोटारीत वाद्यं कोंबून मेम्फिसकडे निघाली. बँडचा म्होरक्या होता एकोणीस वर्षांचा आइक टर्नर. वाटेत गिटारवादक विली किझार्टच्या ॲम्प्लिफायरला इजा झाली. तो टपावरून पडला असं कुणी सांगतं, पावसात भिजला असं कुणी. मेम्फिसला पोचल्यावर उघडून पाहिलं, तर स्पीकरचा कोन फाटलेला. दुरुस्तीला ना वेळ होता ना पैसा. स्टुडिओचा मालक सॅम फिलिप्स यानं त्या फाटक्या जागी कागद कोंबला आणि म्हणाला, चला, वाजवा.

स्पीकरचा कोन बहुधा कागदाचाच असतो. मागची तारेची गुंडाळी थरथरते, तिच्याबरोबर कोन पुढे-मागे हलतो आणि हवेला धक्के बसून सूर उमटतो. कोन फाटला की मोकळ्या कडा स्वतःच्या लयीत फडफडू लागतात, आणि गिटारच्या तारेत नसलेले जादा स्वर मूळ स्वरात मिसळतात. आवाज खरखरीत आणि जाड होतो. तिथे मुद्रित झालेल्या ‘रॉकेट 88’ या गाण्याच्या तळाशी गिटार अशीच घोगरी घुमते. दुसऱ्या एखाद्या तंत्रज्ञानं ती दबवून टाकली असती. फिलिप्सनं ती पुढे आणली. शिकागोच्या चेस कंपनीनं तबकडी काढली आणि त्या उन्हाळ्यात ती ‘रिदम अँड ब्लूज’च्या यादीत पहिल्या क्रमांकावर गेली. रॉक अँड रोलचं पहिलं गाणं कोणतं, हा वाद कधी मिटणार नाही आणि मिटवण्याची गरजही नाही. पण पुढे लाखो गिटारवादक जो खरखरीतपणा मुद्दाम, पैसे मोजून मिळवू लागले, तो इथे अपघातानं सापडला आणि एका माणसाला तो सुंदर वाटला.

फिलिप्सचा हा स्टुडिओ मेम्फिसच्या 706 युनियन अव्हेन्यूवर, 1950 च्या जानेवारीत सुरू झालेला. लग्नं, भाषणं, काय वाटेल ते ध्वनिमुद्रित करून द्यायचं आणि त्यातून भाडं सुटलं की हाउलिन वुल्फ, बी. बी. किंग यांच्यासारख्या काळ्या कलावंतांना मायक्रोफोनसमोर उभं करायचं, असा त्याचा संसार. गोऱ्या आणि काळ्यांच्या शाळा, बसमधल्या जागा, पाण्याचे नळसुद्धा वेगळे असलेल्या शहरात हे सोपं नव्हतं. फक्त रेडिओला वेगळं दार करता आलं नव्हतं. मेम्फिसचं डब्ल्यूडीआयए केंद्र 1949 च्या सुमारास पूर्णपणे काळ्या श्रोत्यांसाठी कार्यक्रम देऊ लागलं आणि गोऱ्या घरांतली मुलं रात्री आवाज बारीक करून तेच ऐकू लागली.

या संगीताची मुळं मात्र मेम्फिसच्या आणि 1951 च्याही मागे जातात, आणि तिथे एक बाई उभी आहे. सिस्टर रोझेटा थार्प, जन्म 1915, आर्कान्सामधलं कॉटन प्लांट गाव. चर्चमध्ये देवाची गाणी गात वाढलेली ही बाई विजेची गिटार अशी वाजवायची, की ऐकणारा बसल्या जागी डोलू लागे. 1944 साली तिनं ध्वनिमुद्रित केलेल्या ‘स्ट्रेंज थिंग्ज हॅपनिंग एव्हरी डे’मध्ये पुढच्या दशकातल्या रॉक अँड रोलचं जवळजवळ सगळं सामान आहे: पियानोची धावती लय, गिटारचे तुटक, धारदार तुकडे, टाळ्यांची जागा. 1947 मध्ये जॉर्जियातल्या मेकन गावी तिनं एका चौदा वर्षांच्या मुलाला आपल्या मंचावर गायला बोलावलं आणि वर त्याला पैसेही दिले. तो मुलगा म्हणजे पुढचा रॉक अँड रोल गायक लिटल रिचर्ड. 1964 मध्ये मँचेस्टरच्या एका बंद पडलेल्या रेल्वे स्थानकावर दूरचित्रवाणीसाठी ती गायली, त्याचं चित्रण उपलब्ध आहे. पावसाळी हवेत कोट घातलेली, एकोणपन्नाशीची बाई फलाटावर पांढरी गिटार गळ्यात अडकवून उभी राहते आणि पहिल्याच झटक्यात समोरची तरुण मंडळी तिची होतात. जमेल त्यानं ते जरूर पाहावं. ‘रॉक अँड रोल हॉल ऑफ फेम’मध्ये तिचं नाव आलं ते 2018 साली, तिच्या मृत्यूनंतर 45 वर्षांनी. हा उशीर मला अक्षम्य वाटतो.

5 जुलै 1954 च्या रात्री फिलिप्सच्या स्टुडिओत एल्विस प्रेस्ली नावाचा एकोणीस वर्षांचा ट्रकचालक आला होता. गिटारवर स्कॉटी मूर, डबल बासवर बिल ब्लॅक. संथ प्रेमगीतं काही केल्या जमेनात. मधल्या सुट्टीत एल्विसनं आर्थर क्रूडपचं ‘दॅट्स ऑल राइट’ हे जुनं ब्लूज गाणं गंमत म्हणून दामटायला सुरुवात केली. उरलेले दोघे त्यात घुसले. फिलिप्सनं दारातून डोकं काढून विचारलं, हे काय चाललंय, आणि पुन्हा पहिल्यापासून सुरू करायला लावलं. या तबकडीवर ड्रम नाहीतच. ठेका आहे तो ब्लॅकच्या बोटांचा: तो बासची तार ओढून सोडायचा आणि ती लाकडावर टक्कन आपटायची. क्रूडपचं 1946 चं मूळ गाणं आणि हे पाठोपाठ ऐकलं, की किती घेतलं आणि किती नवं घातलं ते स्वच्छ कळतं.

ड्यूई फिलिप्स या निवेदकानं ती तबकडी रेडिओवर पुन्हा पुन्हा वाजवली. एल्विसला बोलावून त्यानं मुलाखतीत सहज विचारावं तसं विचारलं, शाळा कोणती? एल्विस म्हणाला, ह्यूम्स हायस्कूल. मेम्फिसच्या श्रोत्यांना तेवढ्यावरून कळलं की गाणारा गोरा आहे, कारण ह्यूम्स गोऱ्यांची शाळा होती. शाळांमधला वर्णभेद घटनाबाह्य ठरवणारा अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाचा निकाल त्याच वर्षीच्या मे महिन्यात लागला होता.

पुढची दोन-तीन वर्षं वणव्यासारखी गेली. बिल हेलीचं ‘रॉक अराउंड द क्लॉक’ एका चित्रपटाच्या श्रेयनामावलीवर वाजलं आणि 1955 मध्ये देशभर पहिल्या क्रमांकावर पोचलं. दक्षिणेत सभागृहांच्या मधोमध दोर बांधून गोरे आणि काळे श्रोते वेगळे बसवले जात. गाणं रंगात आलं की मुलं ते दोर ओलांडून एकत्र नाचत. वर्णभेदाचे कैवारी संगीतावर एवढे का खवळले होते, याचं उत्तर या दोरांत आहे. निवेदक ॲलन फ्रीडच्या दूरचित्रवाणी कार्यक्रमात 1957 साली फ्रँकी लायमन हा काळा गायक एका गोऱ्या मुलीबरोबर नाचला, आणि तो कार्यक्रमच गुंडाळला गेला.

आपल्याकडे ही लाट पोचायला वेळ लागला नाही. पुणतांब्याचे रामचंद्र चितळकर, म्हणजे आपले सी. रामचंद्र, यांनी 1957 च्या ‘आशा’ चित्रपटासाठी ‘ईना मीना डीका’ बांधलं. गोव्याच्या वादकांना हाताशी धरून स्विंग आणि लॅटिन ठेके त्यांनी आधीच हिंदी गाण्यात मुरवले होते, म्हणूनच हे नवं वारं त्यांच्याकडे उसनं वाटत नाही. पाचगणीच्या सेंट पीटर्स शाळेत 1958 च्या सुमारास ‘द हेक्टिक्स’ हा मुलांचा बँड लिटल रिचर्डची गाणी वाजवत होता; त्याचा पियानोवादक फारुख बलसारा पुढे फ्रेडी मर्क्युरी झाला.

तिकडे अमेरिकेत या संगीताचा पैसा मात्र वेगळ्याच वाटेनं गेला. ‘रॉकेट 88’च्या तबकडीवर आइक टर्नरच्या बँडचं नावच नव्हतं, गाणं गायलेल्या जॅकी ब्रेन्स्टनच्या नावापुढे एक काल्पनिक बँड छापला गेला आणि ब्रेन्स्टननं हक्क 910 डॉलरला विकून टाकले. 1955 च्या अखेरीस सॅम फिलिप्सनं एल्विसचा करार आरसीए कंपनीला 35,000 डॉलरला दिला. आर्थर क्रूडपला हयातीत त्याच्या गाण्यांचा रास्त मोबदला मिळालाच नाही. 1974 मध्ये तो वारला तोवर पोटासाठी मोलमजुरीच करावी लागली होती.

गायक-गिटारवादक चक बेरीचं उदाहरण तर डोळ्यांपुढून हलत नाही. 1977 मध्ये व्हॉयेजर अवकाशयानांवर मानवजातीचं संगीत म्हणून जी सोनेरी तबकडी गेली, तिच्यात त्याचं ‘जॉनी बी. गुड’ आहे आणि त्याच तबकडीवर गोव्याच्या केरीतून आलेल्या केसरबाई केरकरांची भैरवीही आहे. पण त्याच्या पहिल्या गाजलेल्या गाण्यावर, 1955 च्या ‘मेबलीन’वर, सहलेखक म्हणून ॲलन फ्रीडचं आणि आणखी एकाचं नाव चिकटवलं होतं. रेडिओवर गाणं वाजावं म्हणून फ्रीडला दिलेला तो हिस्सा होता, आणि बेरीला त्याची कल्पना तबकडी बाहेर आल्यावर आली. ती नावं निघून गाणं एकट्या बेरीच्या नावावर व्हायला 1986 साल उजाडावं लागलं.