खुलताबाद : कबरींपलीकडचे गाव

2025 च्या मार्च महिन्यात खुलताबादचे नाव घराघरांतल्या टीव्हीवर गाजत होते. एका कबरीवरून वाद पेटला, गावात पोलिसांचा बंदोबस्त लागला आणि आपल्या शाळकरी मुलांच्या कानी हे नाव पडले ते भांडणाच्या निमित्ताने. याचे वाईट वाटते, कारण मराठवाड्याचा भूगोल आणि सातशे वर्षांचे समाजजीवन एकाच गावात शिकवायचे असेल तर खुलताबादइतके चांगले गाव सापडणे कठीण.

आधी भूगोल पाहू. खुलताबाद हे नगर परिषद असलेले छोटे तालुक्याचे गाव. छत्रपती संभाजीनगरहून म्हणजे पूर्वीच्या औरंगाबादहून ते साधारण पंचवीस किलोमीटरवर आहे. दौलताबादचा किल्ला मागे टाकून घाट चढला की पठार लागते. त्या पठारावर हे गाव आहे आणि पुढचा घाट उतरला की वेरूळ. म्हणजे एका बाजूला यादवांची देवगिरी, दुसऱ्या बाजूला 34 लेणी आणि मध्ये उंचावर खुलताबाद. लाव्हारसाचे थरावर थर साचून झालेला हा काळा बेसाल्ट दगड. वेरूळला लेणी कोरली ती याच दगडात, आणि देवगिरीचा तुटलेला कडाही त्याच दगडाचा. उंचीमुळे हवा थंड. जवळच म्हैसमाळ सुमारे हजार मीटर उंचीवर आहे.

या डोंगराचे पाणी कुठे जाते? म्हैसमाळच्या बाजूने निघणारी गिरिजा नदी पूर्वेकडे वाहत जालना जिल्ह्यात येते आणि पूर्णेला मिळते. आमच्या परतूर तालुक्यातून वाहणारी दुधनाही पुढे पूर्णेलाच मिळते आणि पूर्णा गोदावरीला. म्हणून आष्टीच्या मुलांना मी सांगतो, खुलताबादच्या डोंगरावर पडलेला पाऊस आणि आपल्या दुधनेचे पाणी शेवटी एकाच गोदामाईत जाते.

आता माणसांकडे येऊ. या गावाचे जुने नाव रौजा. 1327 च्या सुमारास सुलतान मुहम्मद बिन तुघलकाने दिल्लीची राजधानी दौलताबादला आणली, तेव्हा आलिम, शायर आणि सूफी बुजुर्गही दख्खनमध्ये आले. हजरत निजामुद्दीन औलिया (रह.) यांचे शागीर्द हजरत बुरहानुद्दीन गरीब (रह.) त्यांपैकी एक. 1337 मध्ये त्यांचे निधन झाले. तापीकाठचे बुऱ्हाणपूर शहर त्यांच्याच नावाने वसले. त्यांचे खलिफा हजरत जैनुद्दीन शिराजी (रह.) यांची दर्गाह बावीस ख्वाजा म्हणून ओळखली जाते. तुघलकाच्याही आधी इथे आलेल्या हजरत मुन्तजबुद्दीन जरजरी जरबख्श (रह.) यांचा उरूस रबीउल अव्वलमध्ये भरतो. याच महिन्याच्या 12 तारखेला बावीस ख्वाजा दर्गाहमध्ये पैरहन-ए-मुबारकच्या दर्शनासाठी लांबलांबून लोक येतात.

लेखणीची माणसेही इथेच विसावली आहेत. निजामुद्दीन औलियांची वचने ‘फवाइदुल फुआद’ या ग्रंथात नोंदवणारे फारसी कवी अमीर हसन सिज्जी इथे आहेत. अठराव्या शतकातले अरबी-फारसीचे मोठे विद्वान आझाद बिलग्रामीही इथेच. आपण मुलांना बादशहांची नावे पाठ करायला लावतो, पण या दोन लेखकांची नावे किती घरांत घेतली जातात?

मलिक अंबरचा मकबराही गावाबाहेर आहे. हबशी देशातून गुलाम म्हणून आलेला हा माणूस निजामशाहीचा वजीर झाला. त्याने खडकी हे शहर वसवले, तेच पुढचे औरंगाबाद. त्याने शहराला भूमिगत नळांनी पाणी दिले, ती नहर-ए-अंबरी. 1626 मध्ये तो वारला. गुलाम म्हणून आलेला माणूस कर्तृत्वाने कुठवर जातो, हे मुलांना समजावायला दुसरे उदाहरण शोधावे लागत नाही.

बादशहा औरंगजेब 1707 मध्ये अहमदनगरला वारला आणि त्याच्या इच्छेप्रमाणे जैनुद्दीन शिराजींच्या दर्गाहच्या आवारात त्याला दफन केले. कबर साधी आहे, वर छत नाही. संगमरवरी जाळी नंतरची. लॉर्ड कर्झनच्या सूचनेवरून निजामाने ती बसवली. मृत्यूनंतर बादशहाला ‘खुल्द-मकान’ म्हणू लागले, त्यावरून रौजाचे खुलताबाद झाले. त्याच्या राज्यकारभाराबद्दल इतिहासकारांत मतभेद आहेत आणि राहतील. त्यांचा निवाडा पुस्तकांत आणि अभ्यासात होऊ द्यावा. कबर ही आपल्यासाठी इबरतीची जागा आहे. तिथे जयजयकारही नको आणि तोडफोडही नको.

आजचे खुलताबाद मात्र जिवंत माणसांचे गाव आहे. जुन्या तटबंदीला सात दरवाजे होते. नगारखाना, पांगरा, लंगडा ही त्यांतली काही नावे. गावातच भद्रा मारुतीचे मंदिर आहे. तिथे हनुमानाची निद्रिस्त मूर्ती आहे, आणि हनुमान जयंतीला व श्रावणातल्या शनिवारी रात्रभर चालत भाविक येतात. जवळच्या सुलीभंजनला संत एकनाथांच्या साधनेचे स्थान सांगतात. एकनाथांचे गुरू जनार्दनस्वामी, आणि परंपरा सांगते की त्यांचे गुरू चांद बोधले हे सूफी होते. त्यांची समाधी दौलताबादला आहे. एका घाटाच्या दोन टोकांना ही नाती पसरलेली आहेत.

उरूस चांद्र वर्षाने दर साल दहा-अकरा दिवस मागे सरकतो, म्हणून तो कधी पावसाळ्यात, कधी थंडीत, तर कधी उन्हाळ्यात येतो. कधी तो हिंदू सणांनाही येऊन भिडतो. 2023 मध्ये 12 रबीउल अव्वल आणि अनंत चतुर्दशी एकाच दिवशी, 28 सप्टेंबरला आली. तेव्हा राज्यात मुस्लिम समाजाने ईद-ए-मिलादच्या मिरवणुका दुसऱ्या दिवशी काढल्या. खुलताबादसारख्या गावाला अशी समज नवी नाही. उरुसातला आणि श्रावणातला बाजार एकाच रस्त्यावर भरतो. फुलवाला, चहावाला, बांगडीवाला, रिक्षावाला यांच्याकडे येणारे गिऱ्हाईक दोन्हीकडचे असते. वाद पेटला की आधी याच लोकांची चूल थंडावते. टीव्हीवर ओरडणारे स्टुडिओत बसलेले असतात, त्यांचे काही बिघडत नाही.

आपल्याकडूनही काही व्हायला हवे. कबरींची निगा, गल्ल्यांची स्वच्छता, यात्रेतला कचरा, पाणी आणि शौचालये ही नगर परिषदेची कामे आहेत, पण आलेल्या पाहुण्यांचीही त्यात जबाबदारी आहे. अर्ध्या ईमानाइतके महत्त्व आपल्या दीनमध्ये स्वच्छतेला आहे, हे उरुसाच्या रस्त्यावरही दिसले पाहिजे.

या सुट्टीत सहल काढणार असाल तर क्रम असा ठेवा. सकाळी लवकर दौलताबादचा किल्ला, दुपारी खुलताबाद, नंतर वेरूळ. मात्र मंगळवार टाळा, त्या दिवशी वेरूळची लेणी बंद असतात. परतूरहून रेल्वेने शहर गाठता येते, पुढे बस मिळते. मुलांच्या हाती वही द्या. वाटेत दिसलेले दगड, झाडे, दरवाजे आणि माणसे त्यांना लिहू द्या. अमीर हसन, आझाद बिलग्रामी, मलिक अंबर ही नावे त्यांनी स्वतःच्या अक्षरात लिहिली, तर पुढच्या वेळी टीव्हीवर खुलताबादचे नाव आले की ती आपल्याला काय सांगायचे ते स्वतःच सांगतील.