चुकलेल्या अक्षराची जादू

‘ध’ चा ‘मा’ ही गोष्ट आपल्याला शाळेपासून ठाऊक आहे. १७७३ मध्ये शनिवारवाड्यात नारायणराव पेशव्यांचा खून झाला. ‘धरावे’ असा हुकूम होता, त्यातलं एक अक्षर बदलून कोणीतरी ‘मारावे’ केलं, अशी आख्यायिका आहे. ती खरी किती, हे इतिहासकारांवर सोपवू. पण एका अक्षरानं माणसाचा जीव जाऊ शकतो, ही भीती त्या गोष्टीत आहे. तिथं निदान मध्ये कोणीतरी होतं. कागद वाचणारा होता, शस्त्र उचलणारा होता. आज मी ज्या जादूविषयी बोलणार आहे, तिच्यात मधलं कोणीच नसतं. अक्षर कोरलं की ते आपलं आपणच कामाला लागतं.

ही जादू आइसलंडच्या जुन्या कथांमधली. हल्लीच्या अद्भुत कादंबऱ्यांत आणि मुलांच्या संगणकावरच्या खेळांत तलवारीवर, दारावर, अंगठीवर गूढ चिन्हं कोरलेली दिसतात. त्यांचं एक मूळ इथं आहे. या चिन्हांना ‘रून’ म्हणतात आणि या शब्दाचा जुना अर्थच मुळी ‘गुपित’. पुराणकथा सांगते, की ओडिन या देवानं स्वतःला भाल्यानं घायाळ करून झाडाला टांगून घेतलं आणि नऊ रात्रींनंतर त्याला ही अक्षरं मिळाली. म्हणजे देवालाही ती फुकट मिळाली नाहीत!

प्रत्यक्षात रून ही एक साधी लिपी होती. सुरुवातीला तिच्यात २४ अक्षरं होती, पुढे १६ उरली. बहुतेक रेषा सरळ, कारण ती लाकडावर सुरीनं कोरायची असत. नॉर्वेतल्या बर्गन शहरात १९५५ मध्ये मोठी आग लागली. त्यानंतरच्या उत्खननात अशी अक्षरं कोरलेल्या शेकडो काठ्या सापडल्या. त्यांतल्या कितीतरी काठ्यांवर मंत्रबिंत्र काही नाही. कुठे मालाच्या मालकाचं नाव, कुठे घरगुती निरोप. थोडक्यात, त्या काळच्या चिठ्ठ्याच!

मग जादू आली कुठून? ज्याला वाचता येत नाही, त्याच्या नजरेनं बघा. एक माणूस लाकडावर चार रेघा ओढतो. ते लाकूड दहा कोस दूर जातं आणि तिथला माणूस ते बघून उठतो, कामाला लागतो. तोंडातून शब्दही न काढता हे घडलं. याला जादू नाही तर काय म्हणायचं?

तेराव्या शतकात आइसलंडमध्ये लिहिल्या गेलेल्या ‘एगिलची गाथा’ या ग्रंथात या जादूचे नियम दिसतात. एगिल हा दहाव्या शतकातला कवी आणि लढवय्या. एका मेजवानीत त्याला विष घातलेलं पेय देतात. तो सुरीनं आपला तळहात कापतो, पेयाच्या शिंगावर अक्षरं कोरतो, त्यांना रक्त माखतो आणि कवन म्हणतो. शिंग दुभंगतं, पेय सांडतं. कोरणं, रंगवणं आणि म्हणणं, अशा या तीन पायऱ्या.

पण मला महत्त्वाची वाटते ती दुसरी गोष्ट. प्रवासात एगिल एका शेतकऱ्याच्या घरी उतरतो. त्याची मुलगी हेल्गा फार दिवसांपासून आजारी असते. तिला झोप नाही, भान नाही. एगिल विचारतो, काही उपाय केले का? घरचे सांगतात, जवळच्याच एका शेतकऱ्याच्या मुलाकडून अक्षरं कोरून घेतली, पण त्यानंतर दुखणं वाढलंच. एगिल तिला उचलायला सांगतो आणि बिछाना तपासतो. तिथं देवमाशाच्या जबड्यातल्या पट्टीचा तुकडा सापडतो. त्यावर अक्षरं कोरलेली असतात.

एगिल आधी ती अक्षरं वाचतो. मग खरवडून काढतो, कीस आणि तुकडा जाळतो, अंथरूण-पांघरूण वाऱ्यावर टाकायला लावतो. नंतर नवी अक्षरं कोरून तिच्या उशाखाली ठेवतो. मुलगी झोपेतून उठल्यासारखी शुद्धीवर येते. पुढे कळतं, की त्या पोराला हेल्गा हवी होती आणि तिनं नकार दिला होता. म्हणून त्यानं तिचं मन वळवणारी अक्षरं कोरायला घेतली. पण त्याला ती नीट येत नव्हती. झालं ते दुखणं.

इथं त्या जादूचा सगळ्यात कठोर नियम कळतो. चुकलेलं अक्षर वाया जात नाही. तेही काम करतंच, फक्त भलतं. आणि ते कोरणाऱ्यावर उलटत नाही. भोगते हेल्गा.

ही कल्पित जादू मला एकदा खरी भेटली. वडील गेल्यावर आईच्या कुटुंब निवृत्तिवेतनाचे कागद केले. एका कागदावर तिच्या नावातला काना सुटला होता. खिडकीपलीकडचा माणूस सज्जन होता, पण त्याचा नाइलाज होता. कागदावरची बाई वेगळी आणि समोरची वेगळी! आई जिवंत, समोर बाकावर बसलेली. तरी पैसे आठ महिने अडले. ज्याच्या हातून काना सुटला, त्याला हे कधी कळलंही नसेल. तो काही दुष्ट नव्हता, घाईत होता.

तेव्हा मला एगिलची रीत आठवली. तो आरडाओरडा करत नाही. आधी वाचतो, चुकीचं खरवडतो, मग बरोबर लिहितो. आम्हीही तेच केलं. सगळे कागद एकापुढे एक मांडून अक्षर न् अक्षर वाचलं, चूक कुठे शिरली ते शोधलं, प्रतिज्ञापत्र केलं, दुरुस्ती करून घेतली.

आज आपल्यापैकी बहुतेकांना लिहिता येतं, म्हणून अक्षराचा धाक गेला. पण आपण भरलेला अर्ज, आपण लिहिलेलं दुसऱ्याचं नाव, आपण दिलेला दाखला हे सगळं आपल्या हातून सुटलं, की कोणाच्या तरी उशाखाली जाऊन बसतं. म्हणून सही करण्याआधी कागद एकदा, अगदी काना-मात्रा-वेलांटीसकट, वाचावा. विशेषतः नाव दुसऱ्याचं असेल, तेव्हा.