अर्ध्या एमबीचं विरजण

माळा आवरताना मुलांचं जुनं प्लेस्टेशन सापडलं. सोबत सात-आठ सीडी. दिवा लागला, पण नव्या टीव्हीला त्याच्या वायरीच लागेनात. धाकटा म्हणाला, "आई, थांब, लॅपटॉपवर लावतो." एम्युलेटर नावाचं सॉफ्टवेअर घेतलं, सीडी घातली, तर पडद्यावर एकच हट्ट: बायोस फाइल द्या!

त्यानं मला समजावलं, मी माझ्या भाषेत समजून घेतलं. सीडी म्हणजे दूध, एम्युलेटर म्हणजे भांडं. पण विरजण? प्लेस्टेशनच्या पोटात एका चिपवर ५१२ किलोबाइटचा प्रोग्रॅम कायमचा भरलेला असतो, तोच बायोस. बटण दाबलं की आधी तो जागा होतो, तो ओळखीचा सूर वाजवतो, सीडी तपासतो. पुढे गेमसुद्धा कितीतरी बारीक कामं त्याच्याकडूनच करून घेतो. जेमतेम अर्धा एमबी! माझ्या मोबाइलमधला एक फोटो याहून मोठा.

"मग घे की नेटवरून," मी म्हटलं. विरजण आपण शेजारून वाटीभर मागून आणतोच ना! पण हा प्रोग्रॅम सोनीच्या मालकीचा, म्हणून एम्युलेटरवाले तो सोबत देत नाहीत. यावरून कोर्टकचेऱ्याही झाल्यात. १९९९ मध्ये कनेक्टिक्स कंपनीनं प्लेस्टेशनचे गेम मॅकवर चालवून दाखवले, सोनी कोर्टात गेली. २००० साली अमेरिकेतल्या अपील कोर्टानं कनेक्टिक्सची बाजू घेतली. अभ्यासापुरती बायोसची नक्कल त्यांनी केली होती, पण विकलेल्या मालात सोनीचा प्रोग्रॅम नव्हता, स्वतः लिहिलेला होता. पुढच्याच वर्षी सोनीनं ते सॉफ्टवेअर विकत घेतलं आणि बंद करून टाकलं. हे म्हणजे जिंकूनही गेलंच!

असे पर्यायी बायोस आजही फुकट मिळतात. विरजण नसलं की आजी मिरचीचं देठ टाकून दही लावायची ना, तसंच. लागलं तर लागलं. आमच्या दोन सीडी छान चालल्या, मोटारींच्या शर्यतीची मात्र सुरुवातीलाच थिजली. ती नेमकी थोरल्याची!

आता धाकट्यानं मशीनच्या मागच्या पोर्टला लावायची वायर मागवलीय. आपल्याच मशीनमधून आपलं विरजण काढणार म्हणतो. त्यासाठी शेजारच्या काकूंचा जुना टीव्ही दोन दिवस मागून आणायचाय. मशीन जिवंत आहे तोवरच हे जमेल, म्हणून मी ते परत माळ्यावर जाऊ दिलेलं नाही. फडताळात ठेवलंय, कापड घालून. थोरला दिवाळीला येतोय.