हप्ता तोच, मुदत वाढली : गृहकर्जाची खरी किंमत

रिझर्व्ह बँकेने मे 2022 ते फेब्रुवारी 2023 या काळात रेपो दर 4 टक्क्यांवरून 6.50 टक्क्यांवर नेला. त्याआधीच्या वर्षात सात टक्क्यांच्या आसपास व्याजाने गृहकर्ज घेतलेल्या अनेक कुटुंबांच्या मासिक खर्चात या वाढीने काहीच फरक पडल्याचे दिसले नाही. बँकेच्या खात्यातून दरमहा वजा होणारा हप्ता पूर्वीइतकाच राहिला. वाढली ती कर्जाची मुदत. कर्जदाराची संमती न घेता आणि त्याला नीट न कळविता मुदत वाढविल्याच्या तक्रारी एवढ्या झाल्या की, ऑगस्ट 2023 मध्ये रिझर्व्ह बँकेला त्याबाबत स्वतंत्र आदेश काढावा लागला.

हे नेमके कसे घडले, ते एका उदाहरणावरून पाहू. पुणे, कोल्हापूर, बेळगाव वा नागपूरहून नोकरीनिमित्त बंगळूरुला आलेल्या एका तरुण दांपत्याने ऑक्टोबर 2021 मध्ये सात टक्के दराने 50 लाखांचे कर्ज वीस वर्षांसाठी घेतले, असे समजू. त्यांचा मासिक हप्ता 38,765 रुपये. सोळा हप्ते भरल्यावर शिल्लक कर्ज सुमारे 48 लाख 40 हजार रुपये राहते. आता हिशेबाच्या सोयीसाठी अडीच टक्क्यांची सगळी वाढ एकदम याच वेळी झाली असे धरू. (प्रत्यक्षात ती टप्प्याटप्प्याने झाली, त्यामुळे कर्जदाराची स्थिती याहून किंचित वाईटच असणार.) साडेनऊ टक्के दराने एका महिन्याचे व्याज होते सुमारे 38,300 रुपये. म्हणजे 38,765 रुपयांच्या हप्त्यातून मुद्दल फिटते जेमतेम साडेचारशे रुपये! हप्ता तोच ठेवला, तर हे कर्ज फिटण्यास आणखी सुमारे 47 वर्षे लागतील. मूळ मुदतीत ते फेडायचे, तर हप्ता 46,200 रुपयांच्या घरात न्यावा लागेल.

कर्जदाराच्या निवृत्तीच्या वयापलीकडे मुदत नेण्यास बँका सहसा तयार नसतात. त्यामुळे प्रत्यक्षात 47 वर्षांची मुदत कोणाला मिळत नाही. काही मर्यादेनंतर हप्ता वाढवावाच लागतो. पण तोपर्यंत गेलेले महिने परत येत नाहीत, आणि गृहकर्जाच्या खर्चाचे सारे मर्म या महिन्यांतच आहे.

व्याज आधी, मुद्दल मागून

समान मासिक हप्त्याची रचना वरकरणी सरळ वाटते. दरमहा शिल्लक मुद्दलावर व्याज आकारले जाते, हप्त्यातून प्रथम ते व्याज वळते होते आणि उरलेली रक्कम मुद्दलात जमा होते. सुरुवातीस मुद्दल मोठे, म्हणून व्याज मोठे आणि मुद्दलफेड नगण्य. साडेआठ टक्के दराने 60 लाखांचे कर्ज वीस वर्षांसाठी घेतल्यास हप्ता 52,069 रुपये येतो. पहिल्या हप्त्यातील 42,500 रुपये हे निव्वळ व्याज असते. पहिल्या वर्षी सव्वासहा लाख रुपये भरूनही मुद्दल कमी होते केवळ एक लाख 19 हजारांनी. दहा वर्षे, म्हणजे अर्धी मुदत संपते, तेव्हा 60 लाखांपैकी 42 लाख अद्याप देणे असतात. निम्मे कर्ज फिटण्यास जवळजवळ चौदा वर्षे लागतात.

वीस वर्षांत या कर्जापोटी बँकेस एकूण सुमारे 1 कोटी 25 लाख रुपये दिले जातात. त्यांपैकी व्याज 65 लाख, मुद्दलाहूनही अधिक. जुन्या हिंदू कायद्यात दामदुपटीचा नियम होता. कोणत्याही एका वेळी सावकारास मुद्दलाहून अधिक व्याज वसूल करता येत नसे, आणि मुंबई इलाख्यातील न्यायालये तो मानीत. आजच्या गृहकर्जात थकबाकी साचत नाही, व्याज महिन्याच्या महिन्याला वसूल होते. त्यामुळे तो नियम लागू असता तरी येथे आड आला नसता. तरीही दामदुपटीची मर्यादा न थकता, वेळेवर हप्ते भरणारा कर्जदार गुपचूप ओलांडून जातो, हे ध्यानात घेण्यासारखे आहे.

मुदत बदलली की हा आकडा किती बदलतो, ते कर्ज घेताना क्वचितच कोणी पाहतो. विक्री प्रतिनिधीही बहुधा हप्त्याचीच गोष्ट करतो. याच 60 लाखांच्या कर्जाची मुदत पंधरा वर्षे ठेवल्यास हप्ता 59,084 रुपये आणि एकूण व्याज सुमारे 46 लाख होते. मुदत तीस वर्षे केल्यास हप्ता 46,135 रुपयांवर येतो, पण व्याज 1 कोटी 6 लाखांवर जाते. वीसऐवजी तीस वर्षे पत्करली, तर दरमहा सुमारे सहा हजार रुपयांचा दिलासा मिळतो आणि त्याची किंमत 41 लाख रुपये पडते.

पंच्याहत्तर लाखांचे घर

कर्जाखेरीज घराला लागणारा पैसा वेगळाच. 30 लाखांहून अधिक आणि 75 लाखांपर्यंतच्या कर्जासाठी घराच्या किमतीच्या 80 टक्क्यांपर्यंतच रक्कम देण्याची मुभा रिझर्व्ह बँकेने दिली आहे. म्हणजे वरील 60 लाखांचे कर्ज 75 लाखांच्या घरास मिळेल आणि 15 लाख स्वतः उभे करावे लागतील. मुद्रांक शुल्क व नोंदणी खर्च या किमतीत धरता येत नाही. तो कर्जदारानेच सोसायचा. कर्नाटकात 45 लाखांवरील घरास मुद्रांक शुल्क 5 टक्के, त्या शुल्कावर उपकर व अधिभार, आणि त्यावर नोंदणी फी द्यावी लागते. ही फी ऑगस्ट 2025 च्या अखेरीस 1 टक्क्यावरून 2 टक्के झाली, तेव्हा शहरी भागातील एकूण बोजा 6.6 टक्क्यांवरून 7.6 टक्क्यांवर गेला. 75 लाखांच्या घरास हे 5 लाख 70 हजार रुपये होतात. बांधकाम अपुरे असलेल्या घरावर 5 टक्के वस्तू व सेवा कर लागतो, तो आणखी 3 लाख 75 हजार. स्वतःचे 15 लाख, हे दोन्ही खर्च आणि बँकेस वीस वर्षांत द्यावयाची रक्कम यांची बेरीज केली, तर 75 लाखांच्या घरासाठी खिशातून गेलेले असतात जवळपास दीड कोटी रुपये.

यात कर्जाची प्रक्रिया फी, वकिलाचा शोध अहवाल, मूल्यांकन, कागदपत्रे तारण ठेवल्याच्या करारावरील शुल्क हे खर्च धरलेले नाहीत. कर्जासोबत विम्याची पॉलिसी देऊन तिचा एकरकमी हप्ता कर्जातच मिळविण्याची प्रथाही सर्रास आहे. दोन लाखांचा असा विमा साडेआठ टक्के दराने वीस वर्षे फेडताना चार लाख सोळा हजारांना पडतो. विमा घेऊ नये असे नाही. कर्त्या माणसाच्या पश्चात कुटुंबावर कर्ज राहू नये, यासाठी तो हवाच. मात्र साधा मुदत विमा वेगळा घेऊन त्याचा हप्ता दरवर्षी भरणे बहुधा स्वस्त पडते.

बंगळूरुमध्ये व्हाईटफील्ड, सर्जापूर रस्ता, कनकपुरा रस्ता अशा भागांत बांधकाम सुरू असतानाच घर घेणाऱ्यांची संख्या मोठी आहे. त्यांना एक जादा खर्च असतो. विकासकास जेवढी रक्कम दिली गेली, तेवढ्यावर ताबा मिळेपर्यंत केवळ व्याज भरण्याची सोय बँका देतात. सरासरी 30 लाख रुपये दिलेले असतील, तर तीन वर्षांत असे 7 लाख 65 हजार रुपये जातात आणि मुद्दल एक रुपयानेही कमी होत नाही. शिवाय राहत्या घराचे भाडे चालूच. पूर्ण 60 लाख दिले जाऊन ताबा दोन वर्षे रखडला, तर आणखी 10 लाख 20 हजार. स्थावर संपदा कायद्यान्वये विलंबाबद्दल विकासकाकडून व्याज मागण्याचा हक्क खरेदीदारास आहे. पण त्यासाठी प्राधिकरणापुढे दाद मागावी लागते, बँकेचा हप्ता तोवर थांबत नाही.

या शहराची आणखी एक खास अडचण म्हणजे ‘खाता’. खाता ही मालमत्ता करासाठी महापालिकेने ठेवलेली नोंद असते. तो मालकीचा पुरावा नव्हे. नियमांप्रमाणे मंजुरी असलेल्या मिळकती ‘ए’ खात्यात आणि त्रुटी असलेल्या ‘बी’ खात्यात, अशी तेथे विभागणी होत आली आहे. ‘बी’ खात्याचे घर स्वस्त मिळते, परंतु अनेक बँका त्यावर कर्ज देत नाहीत आणि जे देतात ते जादा व्याज घेतात. दरातील केवळ एक टक्क्याचा फरक 60 लाखांवर वीस वर्षांत सव्वानऊ लाख रुपयांचा होतो. स्वस्त घराची सवलत अशी हप्त्याहप्त्याने परत जाते.

भाडे, भोग्य आणि रुपयाची घसरण

मग भाड्यानेच राहावे काय? याचे उत्तर केवळ बेरजेतून मिळत नाही. बंगळूरुमध्ये भाड्याला एक जुना पर्याय आहे. घरमालकास मोठी रक्कम एकदम द्यायची, दोन-तीन वर्षे भाड्याविना राहायचे आणि घर सोडताना ती रक्कम जशीच्या तशी परत घ्यायची. कन्नडमध्ये यास ‘भोग्य’ म्हणतात. आपल्याकडील कबजेगहाणाची आठवण करून देणारी ही पद्धत आहे. व्याज म्हणजे पैशाच्या वापराचे भाडे आणि भाडे म्हणजे घराच्या वापराचे व्याज, हे तत्त्व या व्यवहाराइतके स्वच्छ अन्यत्र दिसत नाही. अर्थात मालकाने पैसे परत न केल्यास भाडेकरू अडचणीत येतो, हा त्यातला मोठा धोका.

दीड कोटीच्या आकड्यालाही दुसरी बाजू आहे. वीस वर्षांनंतरचा रुपया आजच्याइतका जड नसेल. महागाई रिझर्व्ह बँकेच्या उद्दिष्टाप्रमाणे सरासरी 4 टक्के राहिली, तरी 52,069 रुपयांच्या शेवटच्या हप्त्याचे मोल आजच्या सुमारे 23,800 रुपयांएवढेच असेल. दरम्यान पगार वाढतो, भाडेही वाढत जाते आणि हप्ता (व्याजदर स्थिर राहिल्यास) जागचा हलत नाही. त्यामुळे व्याजाची एकूण रक्कम पाहून घाबरून जाणेही योग्य नव्हे. चिंतेची गोष्ट आहे ती पहिल्या सात-आठ वर्षांची. या काळात हप्ता पगाराच्या मानाने सर्वांत जड असतो, मुद्दल सर्वांत कमी फिटते, आणि नोकरी गेली वा बदलीने गाव सोडावे लागले तर घर विकूनही हाती फारसे उरत नाही. माहिती तंत्रज्ञानाच्या नोकऱ्यांवर उभ्या असलेल्या शहरात ही शक्यता दुर्लक्षिण्याजोगी नाही.

प्राप्तिकराच्या सवलतीवर विसंबून कर्ज घेणाऱ्यांनीही हिशेब पुन्हा करावा. राहत्या घराच्या व्याजावर वर्षाला दोन लाखांपर्यंत वजावट जुन्या करप्रणालीत मिळते. वरील उदाहरणात पहिल्या वर्षीचे व्याज पाच लाखांहून अधिक आहे. 30 टक्के कराच्या टप्प्यातील व्यक्तीची बचत उपकरासह 62,400 रुपये होते, त्याहून अधिक नाही. 2023-24 या आर्थिक वर्षापासून नवी करप्रणाली हीच मूळ प्रणाली ठरली असून, तीत राहत्या घरासाठी ही वजावट नाही.

कर्जदाराच्या हातात काय?

बदलत्या दराच्या गृहकर्जाची मुदतपूर्व परतफेड केल्यास व्यक्तीकडून दंड घेण्यास रिझर्व्ह बँकेने 2012 मध्ये बँकांना मनाई केली. या सवलतीचा उपयोग जितका लवकर, तितका फायदा अधिक. 60 लाखांच्या त्याच कर्जात सुरुवातीलाच एक लाख रुपये जादा भरले, तर शेवटचे सुमारे दहा हप्ते वाचतात. दहा वर्षांनी भरले, तर साडेचारच्या आसपास. दरवर्षाअखेर एक हप्ता जादा भरत गेल्यास कर्ज वीसऐवजी सुमारे पावणेसतरा वर्षांत फिटते आणि व्याजात 12 लाखांहून अधिक बचत होते. जादा रक्कम भरताना ‘हप्ता तोच ठेवून मुदत कमी करावी’ असे बँकेस लेखी कळविणे उत्तम.

आपला व्याजदर कशाशी जोडलेला आहे, हेही तपासावे. 1 ऑक्टोबर 2019 पासून बँकांनी नवी बदलत्या दराची गृहकर्जे रेपो दरासारख्या बाह्य निकषाशी जोडणे आणि दर तीन महिन्यांतून किमान एकदा दराचा फेरआढावा घेणे बंधनकारक आहे. गृहवित्त कंपन्यांना ही सक्ती नाही. त्याआधीची काही कर्जे अजूनही जुन्या पद्धतीवर आहेत आणि रेपो दर 2025 मध्ये 6.50 वरून 5.25 टक्क्यांवर आला, तरी अशा कर्जांपर्यंत कपात उशिरा व अपुरी पोचते. माफक शुल्क भरून कर्ज नव्या पद्धतीत बदलून घेता येते. त्यासाठी अर्ज मात्र कर्जदारानेच करावा लागतो.

ऑगस्ट 2023 च्या आदेशानुसार दर बदलताना हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही, हा पर्याय कर्जदारास देणे बँकांवर बंधनकारक आहे. मुदत वाढवूनही व्याजच फिटू नये, अशी स्थिती येऊ देता कामा नये. वसूल झालेले मुद्दल व व्याज, हप्त्याची रक्कम, उरलेले हप्ते आणि वार्षिक दर दर्शविणारे विवरण दर तिमाहीस उपलब्ध झाले पाहिजे. 1 ऑक्टोबर 2024 पासून नवे कर्ज देताना सर्व शुल्कांसह वार्षिक खर्चाचा दर दाखविणारे मुख्य तथ्यपत्रकही द्यावे लागते. दोन बँकांची तुलना जाहिरातीतील दरावरून न करता या पत्रकावरून करावी.

अखेरचा हप्ता भरल्यावरही थोडे काम उरते. पूर्ण परतफेडीनंतर 30 दिवसांत मूळ कागदपत्रे परत करणे बँकेवर बंधनकारक असून, तिच्या चुकीने विलंब झाल्यास दररोज 5,000 रुपये भरपाई द्यावी लागते. हा नियम 1 डिसेंबर 2023 पासून लागू आहे. कर्नाटकात तारणाचा करार नोंदविलेला असेल, तर उपनिबंधक कार्यालयात बँकेकडून मुक्ततेची नोंद करून घ्यावी आणि नंतर बोजा प्रमाणपत्र काढून त्यावरून बँकेचे नाव उतरल्याची खात्री करावी. ही नोंद राहून गेल्यास घर विकण्याच्या वेळी वीस वर्षांपूर्वीचे कर्ज पुन्हा कागदावर उभे राहते.