बुरशीचे गवंडी

दिवाळी अंकाच्या संपादकांना जिवंत बुरशीने घरं बांधणाऱ्या एका कल्पित ऋषीवर लेख हवा होता. मी गंगाखेडचा माळ गाठला. ऋषी म्हटलं की अंगावर वारूळ चढलेला वाल्मीकी आठवतोच. ते चढवणाऱ्यांचं मात्र कुणी नाव घेत नाही. दासी जनाबाईंच्या गावात तरी राबणाऱ्यांची चौकशी करावी, असं वाटलं.

गावाला खेटून गोदावरी, भोवती काळी जमीन. दक्षिणेला बालाघाटच्या रांगांकडे सरकावं तशी माती मुरमाड होते आणि बांधांवर, बाभळीच्या बुडाशी वारुळं दिसू लागतात. नागपंचमीला बाया तिथे लाह्या-दूध ठेवतात. पूजा नागोबाची होते, तो आयत्या बिळावरचा. बांधणारी उधई त्या दिवशीही आतच असते.

ही कामकरी उधई आंधळी, फिकट, काही मिलिमीटरची. पांढरी मुंगी म्हणतात खरं, पण तिचं नातं मुंगीशी नाही, झुरळाशी आहे. आपल्याकडे उंच, कंगोरेदार वारूळ रचणारी जात मुख्यतः ओडोंटोटर्मिस ओबेसस. कामकरी ओल्या मातीत लाळ मिसळून गोळी वळते, भिंतीवर दाबते आणि परत फिरते. बंगळुरूच्या भारतीय विज्ञान संस्थेतल्या संशोधकांनी या गोळ्या तपासून २०१७ साली निष्कर्ष प्रसिद्ध केले. ओल नेमकी किती हवी, हे या आंधळ्या गवंड्याला कळतं. नीट मळलेल्या कणकेसारखी माती तिला लागते. चिकटणारीही नको, भेगाळणारीही नको. अशी भिंत वाळली की आसपासच्या साध्या मातीपेक्षा कितीतरी टणक होते. तिथे कुदळ मारून पाहिलेला माणूस हे संशोधनाशिवायही सांगेल.

एवढा खटाटोप स्वतःच्या निवाऱ्यासाठी असेल असं वाटतं. पण आत डोकावलं की घरमालक वेगळाच निघतो. जमिनीखालच्या कप्प्यांमध्ये भोकाभोकांची तपकिरी पोळी असतात. कामकरी वाळलं गवत, पाचट, लाकूड खाते. ते पोटातून झटपट, अर्धवट पचून पोळ्यावर पडतं. त्यातच बुरशीचे बीजकण असतात. टर्मिटोमायसिस नावाची ही बुरशी उधईला न पचणारं लाकूड कुजवते आणि टाचणीच्या माथ्याएवढे पांढरे दाणे धरते. कोवळ्या कामकरी ते दाणे खातात, त्यांच्याच विष्ठेतून बीजकण पुन्हा नव्या थरात पेरले जातात. पेरणी, खत, काढणी, सगळं एका आतड्यात. ही शेती आफ्रिकेत सुमारे तीन कोटी वर्षांपूर्वी सुरू झाली आणि ती सोडून पुन्हा नुसत्या लाकडावर जगणारी एकही शाखा सापडलेली नाही. पाळणारा कोण आणि पाळलेला कोण, हे मला तरी ठरवता येत नाही.

बुरशी श्वास घेते, ऊब सोडते. कोंडली तर सगळी वस्ती गुदमरेल. या जातीच्या वारुळाला तर बाहेर उघडणारं धुराडंही नसतं. बंगळुरूतल्याच वारुळांवर केलेल्या मोजणीतून २०१५ साली याचा उलगडा झाला. दिवसा बाहेरचे पातळ कंगोरे आधी तापतात, त्यांतली हवा वर चढते आणि मधल्या पोकळीतली खाली उतरते. रात्री कंगोरे आधी निवतात, प्रवाह उलटतो. आतली कोंदट हवा अशी फिरत राहून सच्छिद्र भिंतीतून बाहेर पडते. यंत्र चालतं ते दिवस-रात्रीच्या तापमानातल्या फरकावर, फुकट.

माणसानेही बुरशीने बांधून पाहिलं आहे. न्यूयॉर्कमध्ये २०१४ साली मक्याचा भुस्सा आणि बुरशीच्या तंतूंपासून केलेल्या सुमारे दहा हजार विटांचा मनोरा उभा राहिला होता. पण अशा विटा वाढल्या की वाळवतात, म्हणजे बुरशी थांबवतात. उधईला ती जिवंतच हवी, आणि खरी पंचाईत तिथेच आहे. पोळ्यात स्यूडोझायलेरिया नावाची तणबुरशी दबा धरून असते. कामकरी वासावरून तिला ओळखतात आणि मातीखाली गाडतात. त्या हटल्या की काही दिवसांतच तण सगळं पोळं गिळतं.

नवं घर मांडणंही सोपं नाही. पहिल्या पावसात पंखवाली उधई उडते, जोडपं जमिनीत शिरतं, पण या जातीचं जोडपं सोबत बुरशी नेत नाही. पहिल्या कामकरींनी बीजकण बाहेरून शोधून आणायचे. ते येतात जुन्या वारुळातून वर आलेल्या छत्र्यांतून. विदर्भात त्यांना सात्या म्हणतात, गोव्यात रोणओळमी. त्या मिटलेल्या असतानाच खुडल्या तर बीजकण पडायचे कुठून? गोव्याचे बुरशीशास्त्रज्ञ नंदकुमार कामत वर्षानुवर्षं याच कारणासाठी त्या खाऊ नका म्हणून सांगत आले आहेत.

गंगाखेडकडचा शेतकरी हे ऐकून कपाळावर हात मारेल, आणि त्याचंही खरं. लावलेल्या उसाचे डोळे उधई खाते, भुईमूग पोखरते, घराची चौकट आतून पोकळ करते. मग वारूळ खणून राणी काढतात, भोकात क्लोरपायरीफॉस ओततात. बांध सपाट करायला जेसीबी येतो तेव्हा तेही करावं लागत नाही. मात्र पिकाची मुळं खाणारी मायक्रोटर्मिस ही दुसरी उधई जमिनीखाली विखुरलेल्या लहान कप्प्यांत राहते, तीही बुरशीच पोसते, आणि वारूळ बांधतच नाही. त्यामुळे दिसणारं वारूळ फुटतं, आणि पुढच्या हंगामात बेणं पुन्हा खाल्लेलं निघू शकतं.