शिसपेन्सिलीतील शिसे

शिसपेन्सिलीत शिसे नसते, हे आपणांपैकी बहुतेकांस ठाऊक आहे. मग ज्ञानात दुरुस्ती होऊनही शब्द तसाच का राहिला?

मूळची चूक अगदीच निराधार नव्हती. शिशाची कांडी कागदावर ओढली असता खरोखरच करडी रेघ उमटते. सोळाव्या शतकात इंग्लंडमधील बॉरोडेल येथे एक काळे, मऊ खनिज सापडले. त्याची रेघ शिशाहून गडद उमटे. साहजिकच ते शिशाचाच एक प्रकार मानले गेले. झुरिकच्या कोनराड गेस्नरने १५६५ साली हे द्रव्य लाकडी आवरणात बसविलेल्या लेखणीचे सचित्र वर्णन केले. पुढे १७७९ मध्ये शेले या रसायनज्ञाने ते कार्बनचे एक रूप असल्याचे दाखविले, आणि १७८९ मध्ये वेर्नरने ‘लिहिणे’ या अर्थाच्या ग्रीक धातूवरून त्यास ‘ग्रॅफाइट’ हे नाव दिले. ग्रॅफाइटात कार्बनचे अणू थराथरांनी रचलेले असून थरांमधील बंध दुर्बल असतात. कागदावर घासताच थर सुटतात. रेघ म्हणतात ती हीच. १७९३ मध्ये युद्धामुळे फ्रान्सला इंग्लिश ग्रॅफाइट मिळेनासे झाले, तेव्हा कोंतेने १७९५ मध्ये ग्रॅफाइटची भुकटी चिकणमातीत मळून भाजण्याची कृती काढली. माती अधिक, तितकी पेन्सिल कठीण व रेघ फिकी. आजही कांडी तशीच घडते.

तोवर शब्द मात्र रुजले होते. जर्मन ‘ब्लायश्टिफ्ट’मधील ‘ब्लाय’ म्हणजे शिसेच. मराठीने ‘लेड पेन्सिल’वरून आपला शब्द घडविला तो इंग्रजी अमदानीत, म्हणजे शेलेच्या शोधानंतर. ही उसनी चूक टिकली, याचे कारण केवळ अज्ञान नव्हे. मराठी शाळेत नुसती ‘पेन्सिल’ म्हणजे पाटीवरची. कागदावरची वेगळी दाखविण्यास एक पूर्वपद हवे होते, व ते काम ‘शिस’ने केले. येथे हे पद द्रव्य सांगत नाही, भेद दाखविते. ‘ग्रॅफाइट-लेखणी’सारखे निर्दोष शब्द सुचविणारे परिभाषाकार नेमके हेच विसरतात. खुद्द ‘पेन्सिल’ हा शब्द ‘लहान शेपटी’, म्हणजेच कुंचला, या अर्थाच्या लॅटिन शब्दापासून आला आहे. त्यावर कोणी आक्षेप घेत नाही. (कुंचल्यासारख्या दिसणाऱ्या बुरशीमुळे ‘पेनिसिलिन’ही त्याच कुळातले.)

अर्थात शब्द सर्वस्वी निरुपद्रवी नाही. मुलाने पेन्सिल चावली की पालक शिशाच्या विषाने धास्तावतात. वस्तुतः पूर्वी शिसे असलेच तर ते बाहेरच्या रंगात असे, आतल्या कांडीत नव्हे.

आता पाटी मागे पडली, भेद दाखविण्याची गरज उरली नाही, आणि मुले नुसते ‘पेन्सिल’ म्हणू लागली आहेत. रसायनशास्त्राला दोन शतकांत जे साधले नाही, ते पाटी गेल्याने आपोआप घडत आहे.