क्रियापदापर्यंत पुरणारा श्वास

शाळेच्या हॉलमधली बाकं भिंतीला सरकवून तालीम चालली होती. २७ फेब्रुवारीला, कुसुमाग्रजांच्या, म्हणजेच वि. वा. शिरवाडकरांच्या जन्मदिनी, त्यांच्या ‘नटसम्राट’मधला एक प्रवेश करायचा होता. गणपतराव बेलवलकर उभे करणारे काका नाशिकरोडच्या प्रेसमधून निवृत्त झालेले. त्यांच्या हातातल्या संहितेवर पेन्सिलीच्या बारीक उभ्या रेघा होत्या. जिथे रेघ, तिथे श्वास. एरवी कुठेही घ्यायचा नाही.

दिग्दर्शक पार मागे, दाराशी उभे. शब्द पोचला नाही की नुसता हात वर करायचे. तीन संध्याकाळी मी तिथे बसलो आणि पहिल्याच दिवशी एक गोष्ट ध्यानात आली: हात बहुतेक वेळा वाक्याच्या शेवटी वर जातो. आपल्या भाषेत क्रियापद शेवटी येतं आणि ‘नाही’ तर त्याच्याही मागून. नटाचा दम आधीच सरला, तर नेमका अर्थच गिळला जातो. नकाराचा होकार होऊन बसतो. शिरवाडकरांची स्वगतं तर लांब पल्ल्याची. सुरुवातीलाच आवाज उधळला की पुढे चढण चढवत नाही.

काका मध्येच थांबून म्हणाले, “लागूंचा शेवटचा शब्द ऐकू यायचा बघा.”

डॉ. श्रीराम लागू कान-नाक-घशाचे शल्यविशारद. पुण्यात वैद्यकीचं शिक्षण, तिथेच पी.डी.ए. या नाट्यसंस्थेतून हौशी नाटकं, मग आफ्रिकेत डॉक्टरकी. १९६९मध्ये, चाळिशी ओलांडल्यावर, व्यवसाय सोडून ते पूर्णवेळ नट झाले, ते वसंत कानेटकरांच्या ‘इथे ओशाळला मृत्यू’पासून. २३ डिसेंबर १९७० रोजी गोवा हिंदू असोसिएशनने ‘नटसम्राट’चा पहिला प्रयोग केला, दिग्दर्शन पुरुषोत्तम दारव्हेकरांचं, बेलवलकर लागू, त्यांची पत्नी कावेरी शांता जोग. पुढे कानेटकरांच्याच ‘हिमालयाची सावली’त ते नानासाहेब भानू झाले. कानेटकर इथे एच.पी.टी. कॉलेजात प्राध्यापक, शिरवाडकर तर नाशिकचे तात्यासाहेबच. लागूंच्या रंगभूमीवरच्या काही थोर भूमिका या गावात लिहिल्या गेल्या, याचा आम्हा नाशिककरांना अभिमान आहे आणि तो असायलाच हवा.

ज्याने घसा आतून पाहिला, त्याला आवाज किती ताणायचा हे कळत असणार, असं मला फार वाटतं. पण तेवढ्याने नट होत नाही. पडद्यावर तर ते सगळं बाजूला ठेवावं लागतं. ‘पिंजरा’तले गुरुजी पाहा, किंवा जब्बार पटेलांच्या ‘सामना’तला मास्तर. १९७५मध्ये बर्लिनच्या महोत्सवाच्या स्पर्धेत गेलेला हा चित्रपट. निळू फुल्यांच्या हिंदुरावासमोर लागू कितीतरी वेळ नुसते बघतात. शेवटच्या रांगेपर्यंत आवाज पोचवणाऱ्या माणसाने तोच जोर डोळ्यांत आणून ठेवायचा, ही निराळी मेहनत आहे आणि ती त्यांनी तितक्याच निष्ठेने केली.

तिसऱ्या संध्याकाळी काकांनी दोन रेघा खोडरबराने पुसल्या आणि एक नवी ओढली, क्रियापदाच्या तीन शब्द आधी. एक खुर्ची मधोमध ठेवली, डोळे मिटले, सुरुवात केली. आवाज पहिल्या दिवसापेक्षा खालच्या पट्टीत होता. शेवटाकडे येताना ते घाईला आले नाहीत. नव्या रेघेशी क्षणभर थांबले, छाती भरली आणि शेवटचा शब्द दारापर्यंत स्वच्छ आला. दिग्दर्शकांचा हात खालीच राहिला. चहा आणणारा मुलगा किटली धरून उंबऱ्यातच उभा होता.

दर २७ फेब्रुवारीला आपल्याकडे असे प्रवेश होतात. जमेल तेव्हा जा, आणि पुढची खुर्ची मोकळी असली तरी शेवटच्या रांगेत बसा. वाक्य संपेपर्यंत ऐका.